खंडाळ्याचे रिव्हर्सिंग स्टेशन : गाडीची दिशा पालटणारे विस्मृत ठाणे

प्रतिनिधी

पुणे-मुंबई द्रुतगती मार्गाने खंडाळ्याचा घाट उतरताना अमृतांजन पुलाच्या परिसरात जुन्या दगडी बांधकामाचे काही अवशेष दिसतात. पिंपरी-चिंचवड आणि चाकणच्या कारखान्यांतून न्हावाशेवा बंदराकडे निघालेले कंटेनर रात्रंदिवस याच उतारावरून जातात. चालकाचे सारे लक्ष वळणांकडे असते, प्रवाशाचे नागफणीच्या सुळक्याकडे. त्यामुळे एकेकाळी भारतातील रेल्वे अभियांत्रिकीचे आश्चर्य म्हणून ज्याची छायाचित्रे विकली जात, त्या ठाण्याचा हा परिसर आहे, हे बहुतेकांच्या ध्यानातही येत नाही. या ठाण्याला गावाचे नाव नव्हते, कारण तेथे गावच नव्हते. ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेच्या, म्हणजे जुन्या लोकांच्या तोंडी असलेल्या 'जीआयपी'च्या कागदपत्रांत त्याचा उल्लेख त्याच्या कामावरूनच होई : रिव्हर्सिंग स्टेशन.

१८६३ ते १९२९ अशी सहासष्ट वर्षे मुंबईहून पुण्याला येणारी आणि पुण्याहून मुंबईला जाणारी प्रत्येक गाडी येथे थांबत असे. कोणी चढण्या-उतरण्यासाठी नव्हे, तर उलट दिशेने निघण्यासाठी.

वरची रेल्वे, खालची रेल्वे

हे ठाणे का बांधावे लागले हे समजण्यासाठी १८५०च्या दशकातील सह्याद्रीचे चित्र डोळ्यांसमोर आणावे लागते. १६ एप्रिल १८५३ रोजी मुंबई-ठाणे गाडी सुरू झाली. पुढच्या वर्षी ती कल्याणला पोहोचली आणि १८५६च्या मे महिन्यात घाटाच्या पायथ्याशी खोपोलीला. इंग्रज त्या गावाला 'कँपूली' म्हणत. तेथून वर मात्र अठराशे फुटांहून अधिक उंचीची उभी भिंत होती.

रेल्वे कंपनीने घाटासाठी वाट न पाहता माथ्यावरचे काम स्वतंत्रपणे पुढे नेले. खंडाळा ते पुणे हा मार्ग १४ जून १८५८ रोजी वाहतुकीस खुला झाला. आज दापोडी, पिंपरी, चिंचवड, आकुर्डी, देहूरोड, तळेगाव अशी स्थानके घेत धावणाऱ्या लोकलचा लोहमार्ग मुळात हाच. मावळातील शेतकऱ्याने आगगाडी पाहिली, तेव्हा तिचा मुंबईशी काहीही संबंध नव्हता. ती पुण्याहून निघे आणि खंडाळ्याला संपे. या मार्गावरची इंजिने, डबे आणि रूळसुद्धा घाटरस्त्याने वर ओढून आणावे लागले होते. पुढे पुण्याच्या पलीकडेही काम सुरूच राहिले आणि १८६०मध्ये रेल्वे सोलापूरला पोहोचली.

म्हणजे घाटमाथ्यावर एक रेल्वे आणि खोपोलीपासून मुंबईपर्यंत दुसरी, अशी स्थिती पाच वर्षे होती. मधला टप्पा प्रवाशांनी पालखीतून, तट्टावरून किंवा गाडीतून पार करायचा. मालाची तर दोनदा चढउतार व्हायची. पावसाळ्यात या प्रवासाचे काय होत असेल, हे घाटातला पाऊस ज्याने अनुभवला आहे त्याला वेगळे सांगायला नको.

घाटात रस्ता नव्हता असे मात्र नाही. बोरघाट ही देश आणि कोकण जोडणारी प्राचीन वाट. १८०३-०४च्या मराठा-इंग्रज युद्धाच्या काळात आर्थर वेलस्ली याने ती तोफा नेण्याजोगी करवून घेतली आणि १८३०मध्ये मुंबईचे गव्हर्नर सर जॉन माल्कम यांच्या कारकिर्दीत तेथे चाकांच्या वाहनांसाठी पक्का रस्ता खुला झाला. पण बैलगाडीला जमेल ते आगगाडीला जमत नाही. लोखंडी रुळावर लोखंडी चाक फार थोडी चढण सहन करते. रस्ता जेथे नागमोडी वळणे घेत चढतो, तेथे रेल्वेला तशी वळणे घेता येत नाहीत. ही अडचण सोडवण्यात कंपनीची कित्येक वर्षे गेली.

बर्कली यांचा तोडगा

जीआयपी रेल्वेचे मुख्य अभियंता जेम्स जॉन बर्कली हे भारतात आले तेव्हा तिशीत होते. इंग्लंडमधील विख्यात अभियंता रॉबर्ट स्टिफन्सन यांच्या हाताखाली त्यांची उमेदवारी झाली होती. बोरघाट आणि थळघाट या दोन्ही चढणींची आखणी त्यांच्या देखरेखीखाली झाली. सह्याद्रीच्या दऱ्याखोऱ्यांत सर्वेक्षकांच्या तुकड्या अनेक हंगाम हिंडल्या. एक आखणी व्हायची, ती अपुरी वाटली की दुसरी व्हायची. तीव्र उतारावर गाड्या दोरखंडाने ओढून घेण्याचा, म्हणजे माथ्यावर स्थिर वाफेचे यंत्र बसवण्याचा पर्यायही सुरुवातीला विचारात होता. अखेर सर्व चढण साध्या इंजिनांनी पार करायची, असे ठरले.

त्यासाठी चढ सौम्य हवा आणि चढ सौम्य हवा तर मार्ग लांब हवा. पायथा आणि माथा यांतील अंतर तर निसर्गाने ठरवून दिलेले. मार्ग लांबवायचा कोठे? बर्कली यांनी डोंगराच्या कुशीने रूळ चढवत नेले आणि खंडाळ्याच्या खालच्या बाजूस, जेथे पुढे कडा तुटतो, तेथे थांबवले. त्या अरुंद जागेत गाडी वळवण्याएवढी ऐसपैस वक्ररेषा बसवणे अशक्य होते. म्हणून गाडी वळवायचीच नाही, असा निर्णय झाला. गाडी टोकाला जाऊन थांबेल, इंजिन एका बाजूने सुटून दुसऱ्या बाजूला लागेल आणि आतापर्यंत शेवटचा असलेला डबा पहिला होऊन गाडी वरच्या रुळांवरून विरुद्ध दिशेने चढू लागेल.

घरातल्या जिन्याची कल्पना केली की हे चटकन उमगते. अर्धा जिना चढून आपण मधल्या चौकावर येतो, पाठ फिरवतो आणि उरलेला अर्धा उलट दिशेने चढतो. रिव्हर्सिंग स्टेशन म्हणजे बोरघाटाच्या जिन्याचा तो मधला चौक. फरक एवढाच, की गाडीला पाठ फिरवता येत नाही. पुण्याकडे तोंड करून बसलेला प्रवासी तेथून पुढे मुंबईकडे तोंड करून पुण्याला जाई.

पुढील काळात जगात अन्यत्रही ही युक्ती वापरली गेली. ऑस्ट्रेलियातील ब्ल्यू माउंटन्समधला लिथगो येथील प्रसिद्ध झिगझॅग मार्ग १८६९मध्ये, म्हणजे बोरघाटानंतर सहा वर्षांनी सुरू झाला. दार्जिलिंगच्या छोट्या गाडीचे 'झेड' तर त्याहून नंतरचे आहेत आणि आजही वापरात आहेत. थळघाटातही, म्हणजे कसारा-इगतपुरी मार्गावर, बर्कली यांनी असेच दिशा पालटणारे ठाणे योजले होते. तो मार्ग १८६५मध्ये खुला झाला.

दगड, दोर आणि बंदुकीची दारू

बोरघाटाचे काम १८५६च्या जानेवारीत सुरू झाले. कंत्राटदार होता विल्यम फेव्हिएल. मुंबई-ठाणे मार्गाच्या बांधकामातही तो होता. पण खाडीतला भराव वेगळा आणि सह्याद्रीचा काळा पाषाण वेगळा. डायनामाइटचा शोध अजून लागायचा होता. सारे काम पहार, छिन्नी आणि बंदुकीच्या दारूवर. कित्येक कड्यांवर पाय ठेवायलाही जागा नसे, तेथे मजुरांना वरून दोराने खाली सोडत. लोंबकळत त्यांनी खडकात भोके पाडायची, त्यात दारू ठासायची, वात लावायची आणि वर ओढून घेण्यासाठी इशारा करायचा.

पावसाळ्यात बांधकाम जवळपास थांबे आणि मजूर पांगत. दसरा-दिवाळीनंतर त्यांना पुन्हा जमवावे लागे. यात देशावरचे होते, कोकणातले होते, दगडफोडीत पिढीजात वाकबगार असलेले वडार होते. बायका आणि मुले डोक्यावरून पाट्या वाहत. १८६१मध्ये काम ऐन भरात असताना मजुरांची संख्या ४२ हजारांवर गेली होती. त्या काळी महाराष्ट्रात एवढी वस्ती असलेली शहरे हाताच्या बोटांवर मोजण्याइतकीच होती. आणि हे शहर उघड्या डोंगरावर, गवताच्या झोपड्यांत, ओढ्याच्या पाण्यावर वसलेले होते. व्हायचे तेच झाले. कॉलरा, हिवताप आणि हगवण यांनी हंगामामागून हंगाम माणसे नेली. १८५९-६०च्या हंगामातील कॉलऱ्याची साथ त्यांत सर्वांत भीषण होती. अपघातात मेलेल्यांपेक्षा रोगाने मेलेल्यांची संख्या कितीतरी मोठी होती. मृतांची संख्या हजारांत मोजावी लागते, एवढे सांगितले तरी पुरे. बर्कली, स्टिफन्सन यांची नावे पुस्तकांत आहेत; या मजुरांपैकी एकाचेही नाव कोठल्या फलकावर कोरलेले नाही.

रोगराई कमी पडली म्हणून की काय, मजुरीचेही हाल होते. मुख्य कंत्राटदार, त्याखाली उपकंत्राटदार, त्याखाली मुकादम अशी उतरंड होती. पैसा वरून निघे, पण खाली पोहोचेपर्यंत अडकत वा आटत असे. १८५९च्या जानेवारीत थकलेल्या मजुरीवरून घाटात दंगल उसळली. चौकशी झाली, कामाच्या दर्जाविषयीही तक्रारी पुढे आल्या आणि त्याच वर्षी फेव्हिएलने कंत्राट सोडले. या असंतोषाचे पडसाद थेट कायदेमंडळापर्यंत उमटले. १८६०मध्ये मालक व कामगार यांच्यातील तंट्यांचा कायदा झाला. रेल्वे, कालवे यांसारख्या सार्वजनिक कामांवरील मजुरीचे वाद झटपट निकालात काढण्याचा अधिकार त्याने दंडाधिकाऱ्यांना दिला. त्याच कायद्यात काम अर्धवट टाकून जाणाऱ्या मजुराला शिक्षेची तरतूदही होती, हे विसरून चालणार नाही. आज ज्या औद्योगिक पट्ट्यात कामगार न्यायालय आणि कंत्राटी मजुरी हे रोजच्या बोलण्यातले शब्द आहेत, त्याच्या उशाशीच देशातल्या कामगारविषयक आद्य कायद्यांपैकी एकाची पार्श्वभूमी घडली.

ट्रेडवेलबाईंचे कंत्राट

फेव्हिएलच्या जागी कंपनीने सॉलोमन ट्रेडवेल या अनुभवी कंत्राटदाराला बोलावले. तो १८५९च्या नोव्हेंबरात पत्नीसह मुंबईस उतरला आणि पंधरवड्यातच आजारपणाने मरण पावला. त्याची पत्नी अ‍ॅलिस परक्या देशात एकाकी पडली होती. पुढच्या बोटीने ती परत गेली असती तरी कोणी नावे ठेवली नसती. तिने तसे केले नाही. पतीच्या नावाचे कंत्राट तिने स्वतःकडे घेतले आणि अ‍ॅडमसन व क्लाउझर या दोन अभियंत्यांना व्यवस्थापक नेमून घाटाचे काम पुढे चालू ठेवले. विवाहित स्त्रीला मालमत्तेचे पुरते हक्कही नव्हते, असा तो इंग्लंडमधला काळ. तेव्हा भारतातील सर्वांत अवघड रेल्वे कंत्राट एका विधवेच्या नावावर चालले होते आणि ते तडीसही गेले. ४२ हजार मजुरांचा आकडा तिच्याच काळातला. बांधकामाच्या छायाचित्रांच्या एका संग्रहाचे श्रेयही तिला दिले जाते. अर्धवट कमानी, लाकडी पहाड आणि त्यांवर मुंग्यांसारखी दिसणारी माणसे अशी ती चित्रे आहेत.

बर्कली यांना मात्र आपली निर्मिती पूर्ण झालेली पाहता आली नाही. प्रकृती ढासळल्याने ते इंग्लंडला परतले आणि १८६२च्या ऑगस्टमध्ये निवर्तले. तेव्हा त्यांनी चाळिशी नुकतीच ओलांडली होती.

२१ एप्रिल १८६३ रोजी गव्हर्नर सर बार्टल फ्रिअर यांच्या हस्ते बोरघाट मार्गाचे उद्‌घाटन झाले. हिशेब असा होता : चढणीची लांबी १५ मैल ६८ साखळ्या, म्हणजे सुमारे साडेपंचवीस किलोमीटर. चढ १,८३१ फूट. बोगदे २५. मोठे कमानी पूल आठ. सर्वाधिक तीव्र चढ ३७ फुटांस एक फूट. खर्च सुमारे ११ लाख पौंड. मुंबई आणि दख्खन यांच्यामधली भिंत अखेर ओलांडली गेली.

या कथेला एक लोककथेची जोडही आहे. जुन्या महामार्गावर घाटात शिंग्रोबाचे देऊळ आहे. घाटाची वाट साहेबाला सापडेना, तेव्हा शिंग्रोबा नावाच्या धनगराने ती दाखवली आणि पुढे साहेबानेच त्याचा जीव घेतला, अशी आख्यायिका या भागात सांगितली जाते. तिला कागदोपत्री आधार शोधण्यात अर्थ नाही. तरीही घाट चढणारे कित्येक वाहनचालक तेथे आजही नाणे टाकतात. अभियंत्याच्या दुर्बिणीआधी गुराख्याची पायवाट असते, हे लोकांना ठाऊक होते आणि त्यांनी ते आपल्या पद्धतीने जपले.

ठाण्यावरचा दिनक्रम

रिव्हर्सिंग स्टेशनवर बाजारपेठ नव्हती की टांग्यांचा अड्डा नव्हता. डोंगराच्या सोंडेवर सपाट केलेली जागा, समांतर रूळ, सांधे, खांब आणि राबणारी रेल्वेची माणसे, एवढाच पसारा. गाडी येई, इंजिन सुटे, बाजूच्या रुळावरून दुसऱ्या टोकाला जाई, जोडले जाई, ब्रेक तपासले जात आणि शिट्टी होई. एकेका गाडीचा यात बराच वेळ मोडे. प्रवाशांना मात्र हा खोळंबा खटकत नसावा. एका बाजूला नागफणी आणि दुसऱ्या बाजूला उल्हास नदीचे खोल खोरे, असा देखावा गाडीतून उतरून पाहण्याची ती संधी असे. साहेबलोकांनी नागफणीला वेलस्लीच्या नाकाची उपमा देऊन 'ड्यूक्स नोज' म्हटले. रिव्हर्सिंग स्टेशनची छायाचित्रे आणि पुढे पोस्टकार्डे हातोहात खपत. दोन पातळ्यांवरचे रूळ एका टोकाला येऊन मिळतात, असे ते दृश्य जुन्या संग्रहांत आजही आढळते.

या घाटासाठी खास जड इंजिने इंग्लंडहून आणली होती. पाण्याची टाकी इंजिनावरच बसवलेली, त्यामुळे तिच्या वजनाने चाकांची रुळांवरची पकड वाढे. उतारावर वेग आवरण्यासाठी चाकांच्या ब्रेकशिवाय थेट रुळावर दाबले जाणारे घसरते ब्रेक असत. या इंजिनांची तहान भागवण्यासाठी रेल्वेने लोणावळ्यालगत जे धरण बांधले ते भुशी. पावसाळ्यातल्या शनिवार-रविवारी पिंपरी-चिंचवडची तरुणाई ज्या पायऱ्यांवर बसून पाणी अंगावर घेते, ते धरण वाफेच्या इंजिनांसाठी बांधलेले आहे. लोणावळा हे गावही रेल्वेनेच मोठे केले. कर्मचाऱ्यांच्या वसाहती, इंजिनांची शेड, शाळा, चर्च असे सारे घाटाच्या चाकरीतून उभे राहिले.

घाटाने दगाही दिला. जुलै १८६७मध्ये, मार्ग सुरू होऊन चार वर्षे होतात न होतात तोच, मावकी मळी येथील मोठा कमानी पूल कोसळला. घाईत झालेल्या दगडकामाच्या दर्जावर त्या काळी मोठी टीका झाली. त्याहून हृदयद्रावक घटना जानेवारी १८६९मधली. घाट उतरणाऱ्या गाडीचा ताबा सुटला. रिव्हर्सिंग स्टेशनवर ती थांबायला हवी होती, ती थांबली नाही आणि रुळांचे टोक ओलांडून गेली. त्यात जीवितहानी झाली. बर्कली यांच्या तोडग्यातली उणीव येथे उघडी पडली. जेथे मार्गच संपतो, तेथे ब्रेकला चुकण्याची मुभा नसते.

ताबा सुटलेल्या गाडीला आवरण्यासाठी घाटात 'कॅच सायडिंग' असतात. मुख्य मार्गातून फुटून चढाकडे जाणारा हा आडरूळ. उतरणाऱ्या गाडीसाठी सांधे एरवी या आडरुळाकडेच वळवलेले असतात. गाडी ठरल्या जागी नीट थांबली, म्हणजे ती चालकाच्या ताब्यात आहे अशी खात्री पटली, की मगच मुख्य मार्ग दिला जातो. मंकी हिल, ठाकूरवाडी अशा ठिकाणी गाडी विनाकारण का थांबते, असे विचारणाऱ्या प्रवाशांसाठी हे त्याचे उत्तर.

विजेने केलेला निरोप

विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकापर्यंत वाहतूक इतकी वाढली, की प्रत्येक गाडी उलटवत बसणे परवडेनासे झाले. गाड्या लांब झाल्या होत्या आणि डोंगराच्या सोंडेवरची जागा तेवढीच होती. एक गाडी उलटत असताना मागची खोळंबे. मुंबईत १९२५मध्ये विजेवरची पहिली गाडी धावली आणि पाठोपाठ घाटांच्या विद्युतीकरणाचा निर्णय झाला. ठाकुर्लीजवळ चोळा येथे रेल्वेचे स्वतःचे वीजघर उभे राहिले. १९२८पासून स्वित्झर्लंड आणि इंग्लंडमध्ये बांधलेली नवी विद्युत इंजिने येऊ लागली. पुढे-मागे लांब नाक, मधे चालकाची खोली आणि बाजूला हलणारे जाड दांडे अशा रूपामुळे रेल्वेच्या माणसांनी त्याला 'खेकडा' हे नाव दिले. युरोपात याच घडणीच्या इंजिनांना मगर म्हणतात. आपल्याकडे कोकण जवळ, म्हणून खेकडा. त्यातले एक मुंबईच्या नेहरू विज्ञान केंद्रात आणि एक दिल्लीच्या राष्ट्रीय रेल्वे संग्रहालयात जतन केलेले आहे.

याच सुमारास खंडाळ्याखालच्या डोंगरातून बोगदे खोदून नवी आखणी करण्यात आली. सत्तर वर्षांपूर्वी जी वक्ररेषा कड्यावर बसत नव्हती, ती आता डोंगराच्या पोटातून नेता आली. १९२९मध्ये कल्याण-पुणे मार्गाचे विद्युतीकरण झाले, गाड्या नव्या मार्गाने थेट वर चढू लागल्या आणि रिव्हर्सिंग स्टेशनचे काम संपले. १ जून १९३० रोजी दख्खनची राणी सुरू झाली. जुनी व्यवस्था असती तर दोन शहरांमधली ही वेगवान गाडी तेवढ्या वेळात धावणे अशक्य होते.

चढ मात्र हटला नाही. ३७ फुटांस एक फूट हे बर्कली यांच्या काळचे प्रमाण आजही तसेच आहे. म्हणून पुण्याकडे येणाऱ्या गाड्यांना कर्जतला मागून रेटणारी इंजिने जोडतात. कर्जत स्थानकावरच्या वड्यांची कीर्ती याच थांब्याने वाढवली, असे म्हटले तर वावगे ठरू नये. फेब्रुवारी २०२३मध्ये सुरू झालेली मुंबई-सोलापूर वंदे भारत ही गाडी मागे इंजिन न जोडता घाट चढते. डब्यांखालीच मोटारी असल्याने तिला रेटणाऱ्याची गरज पडत नाही. योगायोग असा, की बोरघाट खुला होण्यापूर्वी वरची रेल्वे जेथवर पोहोचली होती, ते सोलापूरच तिचे अखेरचे स्थानक आहे.

काय उरले आहे

रूळ उखडले गेले, खांब गेले. रेल्वेने सोडलेल्या जागेच्या आसपास पुढे रस्तेवाल्यांनी काम मांडले. २००२मध्ये पूर्ण झालेला द्रुतगती मार्ग याच परिसरातून जातो आणि त्याच्या कडेला जुन्या मार्गाच्या दगडी कमानी अजून ओळखता येतात. त्यांच्या शेजारचा अमृतांजन पूल मात्र आता नाही. वेदनाशामक बामच्या जाहिरातीवरून हे नाव मिळालेल्या या दगडी पुलाची बांधणी १८३०च्या घाटरस्त्याच्या काळातली सांगितली जाते. द्रुतगती मार्गावर त्याचे खांब वाहतुकीला अडथळा ठरत होते, अपघात होत होते. टाळेबंदीमुळे रस्ते रिकामे असताना ५ एप्रिल २०२० रोजी नियंत्रित स्फोटाने तो पाडण्यात आला. पाडकामाच्या चित्रफिती घरोघरी पाहिल्या गेल्या, हळहळही व्यक्त झाली. जवळच असलेल्या रेल्वेच्या अवशेषांची आठवण त्या वेळीही फारशी कोणाला झाली नाही.

पुलाची कोंडी होती, ती दूर करणे भाग होते, हे मान्य करायला हवे. पण पाडण्यापूर्वी आणि नंतरही या संपूर्ण परिसराचा इतिहास सांगणारा एखादा फलक, एखादे निरीक्षणस्थळ उभारणे काही अवघड नव्हते. लिथगोचा झिगझॅग मार्ग १९१०मध्ये बंद झाला. रेल्वेप्रेमींनी तो पुढे पर्यटकांसाठी जिवंत केला. बोरघाट त्याहून जुना आहे आणि मुंबई-पुण्यासारख्या दोन महानगरांच्या मधोमध आहे.

घाटाची भिंत तोडण्याचे काम त्यानंतरही चालूच राहिले. द्रुतगती मार्गाचा घाटातला टप्पा टाळण्यासाठी खोपोली ते कुसगाव हा बोगदे आणि उंच पूल असलेला जोडरस्ता राज्य रस्ते विकास महामंडळाने २०१९मध्ये हाती घेतला. मोटारींचे माहेरघर असलेल्या चाकणला रेल्वे स्थानक नाही. तेथला बहुतांश माल रस्त्यानेच बंदराकडे जातो. खंडाळ्याचे मूळ स्थानक, १८५८मध्ये पुण्याहून आलेली गाडी जेथे संपत असे, अजून वापरात आहे, पण तेथे मोजक्याच गाड्या थांबतात. पुण्याहून पिंपरी-चिंचवडमार्गे येणारी लोकल तर एक स्थानक अलीकडे, लोणावळ्यालाच मागे फिरते. तेथेही इंजिन बदलत नाही. चालक आपली पेटी उचलून फलाटावरून चालत दुसऱ्या टोकाच्या खोलीत जातो आणि गाडी उलट दिशेने निघते.